संक्रांतीपासून दिवस तिळातिळाने मोठा होतो, मग सोलापुरात जानेवारीत सूर्य आणखी उशिरा का उगवतो? हे गणित बारावीवाल्याला जमेल का?

तुम्ही लिहिलंय की २१ डिसेंबरला सोलापूरचा सूर्योदय ६ वाजून ५२ मिनिटांनी दिसतो आणि १५ जानेवारीला चक्क ७ वाजता, तेव्हा पंचांग छापताना काही घोळ झालाय का. घोळ नाही. तुम्ही सकाळचाच रकाना पाहिलात, शेजारचा संध्याकाळचाही पाहा. २१ डिसेंबरला सूर्यास्त ५:५६ ला, १५ जानेवारीला ६:११ ला. सकाळी आठ मिनिटं गेली, संध्याकाळी पंधरा आली. दिवस ११ तास ४ मिनिटांवरून ११ तास ११ मिनिटांवर आला, म्हणजे सात मिनिटांनी वाढलाच. (वर्षागणिक या आकड्यांत एखाद्या मिनिटाचा फरक पडतो.) संक्रांतीच्या गड्डा यात्रेच्या दिवसांत भल्या पहाटे सिद्धेश्वराच्या दर्शनाला निघणाऱ्यांना डिसेंबरपेक्षा जास्त अंधार लागतो, तो भास नव्हे.

मी इथेच कनिष्ठ महाविद्यालयात गणित शिकवतो आणि त्रिकोणमिती 'कशाला उपयोगी पडते' असं कोणी विचारलं की हाच प्रश्न फळ्यावर घेतो. कारण यात दोन वेगळी गणितं एकात एक अडकलेली आहेत. सूर्योदय म्हणजे मध्यान्हाच्या वेळेतून अर्धा दिवस वजा. अर्धा दिवस किती लांब हे एक गणित, मध्यान्ह घड्याळात किती वाजता हे दुसरं. लोक पहिलं धरतात आणि दुसरं विसरतात.

आधी अर्धा दिवस. त्याला दोनच गोष्टी लागतात: गावाचा अक्षांश आणि त्या दिवशीची सूर्याची क्रांती, म्हणजे सूर्य खगोलीय विषुववृत्तापासून किती अंश उत्तरेला किंवा दक्षिणेला आहे ते. सूत्र एका ओळीचं:

कॉस(अर्धा दिवस अंशांत) = −टॅन(अक्षांश) × टॅन(क्रांती)

सोलापूरचा अक्षांश १७.६६ अंश, त्याचा टॅन ०.३१८४. डिसेंबरातली टोकाची क्रांती २३.४४ अंश दक्षिण, तिचा टॅन ०.४३३६, दक्षिण म्हणून ऋण. गुणाकार ०.१३८ येतो. कॉस ०.१३८ असणारा कोन ९० पेक्षा ७.९४ अंशांनी कमी असतो. आकाश १ अंश फिरायला ४ मिनिटं लागतात, म्हणून अर्धा दिवस सहा तासांपेक्षा ३१.७ मिनिटांनी कमी. जूनमध्ये तेवढाच जास्त. या फरकाला आपल्याकडे 'चर' म्हणतात.

इथे थोडं रेंगाळतो, कारण मला हा भाग फार आवडतो. कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५२० च्या सुमारास 'ग्रहलाघव' लिहिलं आणि त्यात ज्या-कोज्यांची (साइन-कॉसची) कोष्टकं वापरायचीच नाहीत असं ठरवलं. चर काढायला त्यांना फक्त पलभा लागते. संपाताच्या दिवशी, म्हणजे सूर्य विषुववृत्तावर असतो त्या २०-२१ मार्चला, बारा अंगुळं उंचीच्या शंकूची मध्यान्हीची सावली म्हणजे त्या गावाची पलभा. सोलापूरसाठी ती १२ × ०.३१८४ = ३.८२ अंगुळं. आता ग्रहलाघवाचा नियम: पलभा तीन ठिकाणी मांडा, अनुक्रमे १०, ८ आणि १० ने गुणा, शेवटच्याला ३ ने भागा. ३८.२, ३०.६ आणि १२.७. बेरीज ८१.५ पळं. एक पळ २४ सेकंदांचं, म्हणजे ३२ मिनिटं ३६ सेकंद.

वर टॅन लावून आलं होतं ३१.७ मिनिटं. काठी, सावली आणि पाढे एवढ्यावर एका मिनिटाच्या आत! आणि उरलेला फरकही या युक्तीचा नाही. जुने ग्रंथ परमक्रांती पूर्ण २४ अंश धरत. वरच्या सूत्रात २३.४४ ऐवजी २४ घालून पाहा, तुमच्याही कॅल्क्युलेटरवर ३२.६ मिनिटंच येतील.

सूत्र सूर्याचा मध्यबिंदू क्षितिजावर येण्याची वेळ देतं, तेही वातावरण नाही असं धरून. प्रत्यक्षात हवेमुळे प्रकाश वाकतो आणि क्षितिजावरचा सूर्य सुमारे ३४ कला (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) वर उचललेला दिसतो. शिवाय कडा दिसली की उगवला असं मानलं तर अर्ध्या बिंबाच्या १६ कला आणखी. एकूण ५० कला. सोलापुरात त्याची दोन्ही बाजूंना जवळपास चार-चार मिनिटं होतात. म्हणून डिसेंबरातला अर्धा दिवस ५ तास २८ मिनिटांऐवजी ५ तास ३२ मिनिटांचा. मोबाइल आणि पंचांग यांच्यात तीन-चार मिनिटांचं भांडण दिसलं तर बहुधा मूळ इथे असतं: एकाने मध्यबिंब धरलेलं असतं, दुसऱ्याने वरची कडा.

आता दुसरं गणित, तुमच्या प्रश्नाचा खरा गाभा. मध्यान्ह १२ वाजता होतो हा शाळेतला समज सोलापुरात एकाही दिवशी खरा ठरत नाही. आपली घड्याळं ८२.५ अंश रेखांशाची, सोलापूर ७५.९१ वर. ६.५९ अंशांचे २६ मिनिटं २२ सेकंद होतात. म्हणजे सरासरी मध्यान्ह १२:२६ ला. गिरण्यांच्या भोंग्यावर गाव चालायचं तेव्हाही सूर्य या भोंग्याला जुमानत नव्हताच. हे देशान्तर, आणि ते वर्षभर तेवढंच राहतं.

सरासरीच्या पुढेमागे सरकवणारी कारणं दोन. भास्कराचार्यांच्या 'सिद्धान्तशिरोमणी'त (११५०) ती भुजान्तर आणि उदयान्तर या नावांनी आहेत. भुजान्तर येतं ते कक्षा लंबवर्तुळ असल्यामुळे: जानेवारीच्या सुरुवातीला पृथ्वी सूर्याच्या सर्वांत जवळ असते, तेव्हा सूर्य राशिचक्रात रोज ६१ कला सरकतो, जुलैत ५७. उदयान्तर येतं ते सूर्याचा मार्ग विषुववृत्ताला तिरपा असल्यामुळे. वेळ मोजली जाते विषुववृत्तावर, सूर्य चालतो क्रांतिवृत्तावर, म्हणजे त्याच्या या तिरप्या मार्गावर. अयनबिंदूंजवळ, म्हणजे सूर्य उत्तरेकडे किंवा दक्षिणेकडे वळतो तिथे, त्याची सगळी चाल पूर्वेकडेच असते आणि होरावृत्तं (आकाशातल्या ध्रुवांना जोडणाऱ्या रेषा) एकमेकांच्या जवळ आलेली असतात, म्हणून क्रांतिवृत्तावरचा एक अंश विषुववृत्तावर १.०९ अंश भरतो.

'पृथ्वी जवळ असते म्हणून' एवढंच उत्तर बऱ्याच ठिकाणी वाचायला मिळतं. ते अर्धवट आहे, खरं तर अर्ध्याहूनही कमी. डिसेंबरच्या शेवटी मध्यान्ह रोज सुमारे ३० सेकंदांनी उशिरा होतो, त्यातले २२ तिरपेपणाचे आणि ८ लंबवर्तुळाचे. तारखांनिशी पाहा. २१ डिसेंबरला उदयान्तर जवळपास शून्य, भुजान्तर उलट बाजूने दोन मिनिटांच्या आत. मध्यान्ह १२ वाजून २४ मिनिटांच्या पुढेमागे. १५ जानेवारीला भुजान्तर दीड मिनिट, उदयान्तर साडेसात मिनिटं. मध्यान्ह थेट १२:३५ च्या पुढे. अकरा मिनिटं घसरला. फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात तो १२:४० पर्यंत जातो, नोव्हेंबरच्या सुरुवातीला मात्र १२:१० लाच होऊन गेलेला असतो.

दोन्ही एकत्र ठेवा. अयनाच्या आसपास क्रांती जवळजवळ थांबलेली असते, अर्धा दिवस रोज मोजके सेकंदच वाढतो, आणि मध्यान्ह रोज अर्धा मिनिट उशिरा सरकतो. सकाळ हरणारच. १५ जानेवारीला अर्धा दिवस रोज १६ सेकंदांनी वाढतोय, मध्यान्ह २१-२२ सेकंदांनी घसरतोय, सकाळ अजून पाच-सहा सेकंदांनी तोट्यात. पाच दिवसांनी, २० जानेवारीच्या सुमारास, दोन्ही आकडे जुळतात आणि तिथून सोलापूरचा सूर्योदय लवकर व्हायला लागतो. लंडनला अक्षांश ५१, टॅन चौपट, त्यामुळे दिवस झपाट्याने वाढतो आणि ही अदलाबदल नव्या वर्षाच्या आसपासच होऊन जाते.

'तिळातिळाने' याबद्दल. संक्रांतीला दिवस एकूण रोज अर्ध्या मिनिटाने वाढतो, मार्चमध्ये मिनिटभराने. उपमा चपखल आहे, पण सुरुवात संक्रांतीला होत नाही. सूर्य उत्तरेकडे वळतो २१-२२ डिसेंबरलाच. मकर संक्रांत ताऱ्यांच्या संदर्भाने मोजतात आणि संपातबिंदू (सूर्याचा मार्ग विषुववृत्ताला छेदतो ती जागा) ताऱ्यांच्या तुलनेत दरवर्षी ५०.३ विकला (विकला म्हणजे कलेचा साठावा भाग) मागे सरकतो, सुमारे ७२ वर्षांत एक अंश. चित्रापक्षाने, म्हणजे चित्रा तारा धरून मोजलं तर, संपातबिंदू आणि ताऱ्यांवरून धरलेला शून्य यांतलं अंतर (अयनांश) आज २४ अंशांच्या थोडं वर आहे. मागे मोजत गेलात तर इ.स. २८५ च्या सुमारास दोन्ही गोष्टी एकाच वेळी होत होत्या. नाक्षत्र वर्ष ३६५.२५६४ दिवसांचं, इंग्रजी कॅलेंडरचं ३६५.२४२५, म्हणून संक्रांतही साधारण ७२ वर्षांत एका दिवसाने पुढे जाते. १४ की १५ हा दरवर्षीचा वाद मात्र बराचसा लीप वर्षाचा आहे. आणि टिळक पंचांगवाल्यांच्या घरी तिळगूळ १० जानेवारीला का, तर ते रेवती ताऱ्यापासून मोजतात आणि त्यांचे अयनांश चारेक अंशांनी कमी. गणित चुकलेलं कोणाचंच नाही, शून्य कुठे धरायचं यावर मतभेद.

बारावीचं पुरेल का? सूर्यासाठी पुरेल. १ जानेवारी २००० च्या दुपारपासून (ग्रीनिचच्या) किती दिवस झाले ते मोजा, त्याला 'न' म्हणा. मध्यम सूर्य (एकसमान गतीने चालणारा कल्पित सूर्य, अंशांत) = २८०.४६ + ०.९८५६४७ न. मंदकेंद्र (सूर्य सर्वांत जवळ असतो त्या बिंदूपासूनचा सरासरी कोन) = ३५७.५३ + ०.९८५६ न. मध्यम सूर्यात १.९१५ × साइन(मंदकेंद्र) आणि ०.०२ × साइन(दुप्पट मंदकेंद्र) मिळवा, ३६० चे फेरे काढून टाका. हा स्पष्ट सायन सूर्य, म्हणजे संपातबिंदूपासून मोजलेलं सूर्याचं खरं स्थान, अंशाच्या शंभराव्या भागापर्यंत बरोबर. क्रांतीचा साइन = ०.३९७८ × स्पष्ट सूर्याचा साइन. बस्स. १.९१५ हा आकडाही आकाशातून पडलेला नाही: कक्षेची उत्केंद्रता ०.०१६७, तिची दुप्पट अंशांत करा, तोच येतो.

चंद्राकडे गेलात की खेळ संपतो. पहिलाच संस्कार (दुरुस्ती) ६.२९ अंशांचा, मग १.२७, ०.६६ आणि पुढे शेकडो पदं, कारण त्याला पृथ्वी आणि सूर्य दोघंही ओढतात. सूर्यचंद्रांत १२ अंशांचं अंतर वाढलं की तिथी बदलते, त्यामुळे चंद्रात अर्ध्या अंशाची चूक म्हणजे तिथी तासभर इकडेतिकडे. आपल्या गावातून दाते पंचांग शंभराहून जास्त वर्षं निघतंय. त्यात सूर्योदयाचा रकाना सगळ्यांत सोपा, खरी मेहनत चंद्राच्या रकान्यांत असते.

वहीवरचं पडताळून पाहायचं असेल तर २१ मार्चला दुपारी १२:३४ ला गच्चीवर एक मीटरची काठी ओळंब्यात उभी करा, सावली ३२ सेंटिमीटरच्या आसपास भरायला हवी. क्रांती १७.६६ झाली की तीच सावली नाहीशी होते. वरच्या सूत्राने तारीख १० मेच्या सुमाराची येते, वेळ १२:२३. दुसऱ्यांदा २ ऑगस्टच्या आसपास, पण तेव्हा ढगांचा भरवसा नाही. मेमध्येच करा, टोपी घालून.