कात्री न लागलेली दहा मिनिटं

प्रश्न : तुम्ही सुचवलेला हर्ट्झ फ्रँक यांचा ‘दहा मिनिटांनी मोठा’ हा लघुपट घरी सगळ्यांनी मिळून पाहिला. जवळजवळ सगळा वेळ एका लहान मुलाचा चेहरा! यात दिग्दर्शकानं नेमकं केलं काय?
– एक वाचक, सांगली

उत्तर : माझं निम्मं आयुष्य संकलनाच्या टेबलावर गेलं. शॉट जरा रेंगाळला की हात आपोआप कापायला जायचा. म्हणून तुमचा प्रश्न मला अगदी जवळचा वाटला.

तेव्हा सोव्हिएत संघात असलेल्या लाटव्हियातला 1978 सालचा हा लघुपट. मुलं बाहुल्यांचा खेळ बघताहेत आणि कॅमेरा त्यांच्याकडे बघतोय. रंगमंच एकदाही दिसत नाही. हा मोह आवरणं किती अवघड आहे, ते संकलकाला विचारा! पोर घाबरलं की लगेच त्याला घाबरवणारी बाहुली दाखवायची, हीच आमची सवय. पण बाहुली दिसली की आपण तिच्याकडेच बघत बसतो, पोराचा चेहरा हातचा जातो. इथे त्याचे ओठ थरथरतात, डोळे भरून येतात, मग हळूच चेहरा उजळतो, आणि समोर काय घडलं असेल ते आपण मनातल्या मनात रचत जातो.

शिवाय हे सगळं एका सलग शॉटमध्ये. 35 एमएमची फिल्म सेकंदाला 24 चौकटी या वेगानं मिनिटाला सत्तावीस मीटरहून जास्त सरकते. 300 मीटरचं रीळ अकरा मिनिटंही पुरत नाही. मध्येच फोकस सुटला किंवा मुलगा कॅमेऱ्याकडे बघून लाजला, तर अख्खं रीळ फुकट. पोराला ‘पुन्हा तसाच रड’ असं थोडंच सांगता येतं!

फ्रँक यांचा जन्म 1926 चा, लुद्झा गावचा. वडील छायाचित्रकार. माणसाच्या चेहऱ्यापुढे थांबून राहायची सवय त्यांना घरातूनच लागली असावी, असं मला वाटतं.

आणि कॅमेरा कुणाच्या हाती होता, हेही लक्षात ठेवा. युरिस पोद्निएक्स, तेव्हा तिशीच्या आतला. पुढे तो स्वतः दिग्दर्शक झाला. त्याचा 1986 चा ‘तरुण असणं सोपं आहे का?’ जरूर मिळवून पाहा. रॉक मैफलीनंतर रेल्वेचे डबे फोडणारी पोरं, अफगाणिस्तानातून परतलेले कोवळे सैनिक, सगळे कॅमेऱ्यासमोर मोकळेपणानं बोलतात. सोव्हिएत काळात हे सोपं नव्हतं. जानेवारी 1991 मध्ये लाटव्हियाच्या राजधानीत, रीगात, गोळीबार झाला, तेव्हा पोद्निएक्सच्या चमूतले आंद्रिस स्लापिन्श चित्रीकरण करतानाच मारले गेले. ग्विदो ज्वाइग्ज्ने जखमी झाले आणि काही दिवसांनी तेही गेले. पुढच्याच वर्षी पोद्निएक्स एका तळ्यात बुडून गेला, वयाच्या 41 व्या वर्षी.

आता तो मुलगा पुन्हा एकदा पाहा. अंधारात त्याच्यासमोर श्वास रोखून उभा असलेला तो कॅमेरामनही या वेळी तुम्हाला जाणवेल.