रानात चरणाऱ्या शेळ्या गोठ्यातल्या खुराकावर कशा आणाव्यात?

मोहोळकडून घेतलेल्या तुमच्या उस्मानाबादी शेळ्या आजवर रानातच चरल्यात आणि आता त्यांना मक्याचा भरडा नि पेंड लावायची आहे, असं तुम्ही लिहिलंय. तर खुराकाचं पोतं आजच सोडू नका.

शेळीच्या पोटात चारा पचवणारे सूक्ष्मजीव असतात. पाला-गवत पचवणारे वेगळे, दाणा पचवणारे वेगळे. नव्या खाण्याला ते सरावायला दहा-चौदा दिवस तरी जातात. त्याआधी पोटभर मका पडला तर पोटात आम्ल वाढतं, रवंथ थांबते आणि धडधाकट शेळी दिवसभरात दगावू शकते.

आधी चारा बदला. सोलापुरात कडब्याला तोटा नाही. कडब्याची कुट्टी, तुरीचं भुसकट आणि सोबत बोर-बाभळीचा सवयीचा पाला द्या. पाला दर दोन-तीन दिवसांनी थोडा कमी करत न्या. शेळ्या कुट्टी आवडीनं खाऊ लागल्या की मगच खुराक. मोठ्या शेळीला दिवसाला 50 ग्रॅम, तेही सकाळ-संध्याकाळ विभागून. तीन-चार दिवसांनी आणखी 50. असं करत 200-250 ग्रॅमवर थांबा. सकाळी उपाशीपोटी खुराक कधीच नको, आधी कुट्टी खाऊ द्या. भरडा जाडसरच ठेवा. पीठ लवकर आंबतं. लग्नातला उरलेला भात शेळ्यांपुढे ओततात, ते पाहून जीव तुटतो. तो प्रकार कृपा करून करू नका.

रोज लेंड्या बघा. पातळ दिसल्या की खुराक बंद, नुसता कडबा. डावी कूस फुगली, शेळी दात खाऊ लागली तर लगेच डॉक्टरांना बोलवा. घाबरून तोंडात जबरदस्तीनं काही ओतू नका, ते फुफ्फुसात जातं.

आंत्रविषाराची (आतड्यातल्या जंतूंच्या विषानं होणारा रोग) लस झालीय का, हे विकणाऱ्याला विचारा. हा रोग बहुतेक वेळा खाण्यातल्या अचानक बदलानंतर डोकं वर काढतो. लस झाली नसेल तर खुराकाआधी टोचून घ्या. पहिल्यांदाच टोचत असाल तर दोन-तीन आठवड्यांनी दुसरा डोसही लागतो.

यात कुणी गाभण आहे का, ते लिहिलं नाहीत. शेवटच्या दीड महिन्यात तिला खुराकाची खरी गरज असते, म्हणून तिची सवय त्याआधीच सुरू करावी लागेल. किती महिन्यांची आहे ते कळवा, मग तिचं वेगळं सांगतो.