निवेदन नसेल तर माहितीपट कळतो कसा?

तुम्ही विचारलंय, की अमेरिकन माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन यांच्या माहितीपटांत निवेदन नाही, मुलाखती नाहीत, वरून लावलेलं संगीत नाही. मग प्रेक्षकाला कळतं कसं आणि असल्या कामावर पोट भरतं का?

कळतं. न कळायला काय झालं? ‘वेल्फेअर’ (१९७५) मध्ये न्यूयॉर्कच्या सरकारी मदत-कार्यालयात माणसं पावणेतीन तास या टेबलावरून त्या टेबलावर टोलवली जातात. तहसीलमध्ये ज्यानं एकदा तरी ‘साहेब मीटिंगला गेलेत’ ऐकलंय, त्याला निवेदक कशाला पाहिजे?

चिडून लिहितोय, कारण लातूरकडे एका संस्थेसाठी सोयाबीनच्या हमीभाव खरेदीवर फिल्म करताना हेच ऐकून घेतलंय. मॉइश्चर, म्हणजे दाण्यातला ओलावा, बारा टक्क्यांच्या आत पाहिजे होतं. एका म्हाताऱ्याच्या मालाचं साडेचौदा आलं. तो भांडला नाही. मूठभर दाणे घेतले, ग्रेडरच्या कानाशी तोंड नेलं आणि एक दाणा दाढेखाली फोडला. “कटकन वाजायलंय की! परत लावा.” परत लावलं. चौदा पॉइंट दोन. मागचा एकजण हसला आणि गुपचूप आपल्या पोत्यातला दाणा चावून बघू लागला. मी कॅमेरा हलवलाच नाही.

संस्थेच्या साहेबांनी त्यातले चार सेकंद ठेवले. वर बासरी, भेगाळलेलं रान आणि भारदस्त आवाजात ‘मराठवाड्याचा बळीराजा हवालदिल’. अहो, त्या वर्षी काढणीत पाऊस झोडपत होता, म्हणूनच तर माल ओला! पण मराठवाडा म्हटलं की भेगा पाहिजेतच. “प्रेक्षकाला समजावून सांगावं लागतं,” म्हणे. प्रेक्षकाला नाही, देणगीदाराला.

निवेदन नाही म्हणजे मत नाही, असंही समजू नका. वाइजमन मूळचे वकिलीचं शिक्षण घेतलेले. शूटिंगला आवाज स्वतः रेकॉर्ड करत, कॅमेरामनला खुणावत. शूटिंग काही आठवड्यांचं, संकलन मात्र महिनोन्‌महिने, तेही स्वतःच. काय कशाला जोडायचं, तिथेच त्यांचं म्हणणं येतं. आपण तटस्थ असल्याचा आव त्यांनी कधी आणला नाही.

पोटाचं म्हणाल तर त्यांच्यामागे अमेरिकेचा सार्वजनिक टीव्ही होता आणि १९७१ पासून स्वतःची वितरण कंपनी. मानद ऑस्कर २०१६ मध्ये मिळाला. आपल्याकडे लग्नाच्या शूटिंगच्या ऑर्डरी सोडू नका.

परवानगीचंही बघा. त्यांची पहिलीच फिल्म ‘टिटिकट फॉलीज’ (१९६७), मनोरुग्ण कैद्यांवरची. त्या कैद्यांच्या खासगीपणाच्या मुद्द्यावर ती १९९१ पर्यंत सर्वसामान्यांना दाखवता आली नाही. आणि संस्थेचं काम घेतलंत तर शेवटचं संकलन कुणाच्या हातात, ते आधी कागदावर घ्या. ‘बघू नंतर’ म्हणणाऱ्याकडे बासरीवाला आधीच ठरलेला असतो.