कॅमेरा नको, आधी जुनी रिळं

प्रश्न : माझी मुलगी इतिहास घेऊन पदवीच्या शेवटच्या वर्षाला आहे. तासन्‌तास जुने बातमीपट बघते आणि त्यांचे तुकडे जोडून ‘देश स्वतःला कसा आठवतो’ यावर व्हिडिओ करते. व्हिडिओ आर्टिस्टच व्हायचं म्हणते. यावर पोट भरतं का? तिला चांगला कॅमेरा घेऊन द्यावा का?

उत्तर : कॅमेरा सध्या नको. या कामातलं चित्रीकरण बहुतेकदा दुसऱ्याच कुणी, दुसऱ्याच हेतूने करून ठेवलेलं असतं. एस्फिर शुब या रशियन बाईंनी १९२७ साली रोमानोव्ह या झारच्या राजघराण्याच्या पतनावर चित्रपट केला, तो झारच्या घरगुती फिल्म आणि जुने बातमीपट धुंडाळून. सुमारे ६०,००० मीटर फिल्म पाहिली, वापरली जेमतेम १,५०० मीटर. तेव्हा मुलीचं ‘बघत बसणं’ हा रियाजच समजा.

फक्त ती काय बघते, हे महत्त्वाचं. डिसेंबर १९८९मध्ये रुमानियात हुकूमशहा चाउशेस्कूचं भाषण थेट दाखवलं जात असताना गर्दीत गडबड उडाली आणि कॅमेरा वर, इमारती नि आकाशाकडे वळला. एरवी असा तुकडा कचऱ्यात जातो. हारून फारोकी आणि आंद्रेई उजिका या दिग्दर्शकांनी १९९२च्या आपल्या चित्रपटात नेमका तोच समोर ठेवला. सरकारला काय लपवायचं होतं, ते त्या रिकाम्या आकाशातून कळतं.

म्हणून तिला एक वही घालायला सांगा. प्रत्येक शॉट कुणी घेतला, कुणासाठी, चौकटीबाहेर कोण राहिलं? फिल्म संग्रहाच्या सूचीत ‘दंगलखोर’ लिहिलंय, तर तो शब्द कुणाचा? शेजारी हक्कांचाही रकाना हवा. रीळ संग्रहाकडे असलं म्हणजे त्याचे हक्कही संग्रहाकडेच असतात असं नाही. इथे भले भले अडकतात.

आता पोटाचं. निव्वळ कलाकृती विकून घर चालेल, अशी आशा पहिली काही वर्षं तरी धरू नका. व्हिडिओ कलाकृती मोजक्याच प्रतींत विकल्या जातात आणि गिऱ्हाईकही थोडं. पण सूचीकरण, डिजिटायझेशन, माहितीपटांसाठी जुनं फुटेज शोधून परवानग्या मिळवणं, संग्रहालयातली दालनं उभी करणं, ही पगाराची कामं आहेत. फिल्म स्कूलचं नंतर बघू; एखाद्या फिल्म संग्रहात वर्षभर उमेदवारी केलेली मला जास्त मोलाची वाटते. मूकपटांच्या काळातली बरीच फिल्म सेकंदाला १६-१८ चौकटींच्या वेगाने घेतलेली असते. ती २४ने चालवली की अंत्ययात्रासुद्धा तुरुतुरु पळते आणि लोक हसतात. ही चूक तिथे कुणीतरी पहिल्याच आठवड्यात दाखवून देईल.

कॅमेऱ्यासाठी बाजूला काढलेल्या पैशांतून दोन हार्ड डिस्क घ्या. दोन्हींवर तेच काम साठवा आणि दुसरी घरात ठेवू नका.