समितीच्या आदेशाला आव्हान फक्त उच्च न्यायालयात

जळगाव जिल्ह्यातल्या एका अनुदानित माध्यमिक शाळेतल्या शिक्षिकेचं पत्र आहे. 2003 साली अनुसूचित जमातीच्या राखीव जागेवर नेमणूक, दाखला 'ठाकूर' जमातीचा. प्रस्ताव जमातीचा दाखला तपासणाऱ्या तपासणी समितीकडे गेला तो 2014 मध्ये. गेल्या वर्षी समितीने दावा अवैध ठरवला, चार महिन्यांनी संस्थेने सेवा संपवली आणि त्याविरुद्ध शाळा न्यायाधिकरणात अपील सुरू आहे. त्यांचा प्रश्न: 'वीस वर्षं नोकरी झाली, आता सेवेला संरक्षण मिळेल ना?' याच प्रश्नाची पत्रं वरचेवर येतात.

ताई, संरक्षणाची आशा सोडा. हलबा-कोष्टी प्रकरणात, म्हणजे मिलिंद निकालात, 2000 साली सर्वोच्च न्यायालयाने अंतिम झालेले प्रवेश आणि नेमणुका वाचवल्या होत्या. त्याच्या आधारावर आपल्या उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने 2014 मध्ये अनेकांच्या नोकऱ्या राखल्या. सर्वोच्च न्यायालयाच्याच 6 जुलै 2017 च्या जगदीश बहिरा निकालाने ते दार बंद केलं. दावा अवैध ठरला की जात प्रमाणपत्र कायद्याच्या कलम 10 प्रमाणे नोकरी जाते. तुमचा हेतू चांगला होता, सेवा चोख होती, याने त्यात फरक पडत नाही.

आता मुद्द्याचं. तुम्ही चुकीच्या ठिकाणी दाद मागितली आहे. 2001 पासून लागू असलेल्या जात प्रमाणपत्र कायद्याचं कलम 7, पोटकलम 2 वाचा. तपासणी समितीचा आदेश अंतिम आहे आणि त्याला राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयाखेरीज कुठेही आव्हान देता येत नाही. शाळा न्यायाधिकरण फार तर संस्थेने नोटीस नीट दिली का, कार्यपद्धती पाळली का, हे पाहील. समितीच्या आदेशाला ते हात लावू शकत नाही. अपील जिंकलात तरी तो आदेश तसाच उभा राहतो, आणि संस्था दुसऱ्या दिवशी नवं पत्र देऊन तुम्हाला घरी पाठवू शकते.

मला राग येतो तो त्या चार महिन्यांचा. आदेश हातात होता, सेवा अजून चालू होती. त्या वेळी औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका दाखल करून स्थगिती मागितली असती, तर ती मिळण्याची शक्यता बरीच होती. तुम्हीच लिहिता की ते महिने शिक्षणाधिकारी कार्यालय आणि आमदारांकडे हेलपाटे घालण्यात गेले. आता सेवा संपलेली असताना अंतरिम आदेशाने पुन्हा वर्गात उभं राहणं अवघड आहे. रिटला ठरावीक मुदत नसते, पण कारण न देता झालेला उशीर न्यायालय खपवून घेत नाही. आदेश कधी मिळाला, न्यायाधिकरणात जायचा सल्ला मिळून अपील कधी केलं, हे तारखांसह याचिकेतच मांडा, आणि काही झाकू नका. सेवासमाप्तीच्या पत्रालाही त्याच याचिकेत आव्हान द्या. अपील मागे घ्यायचं की नाही, हे तुमच्या वकिलांनी कागद पाहून ठरवावं. तूर्त घाई नको.

याचिकेत दम आहे, असं तुम्ही पाठवलेल्या आदेशावरून वाटतं. तुमच्या आजोबांच्या शाळेचा 1939 चा प्रवेश-निर्गम उतारा आहे, त्यात 'ठाकूर' अशी नोंद आहे. 6 सप्टेंबर 1950 च्या, म्हणजे अनुसूचित जमातींची यादी निघाली त्या तारखेच्या, आधीच्या अशा नोंदीचं वजन मोठं असतं. समितीने ती 'शाई वेगळी दिसते' एवढ्या एका वाक्यात बाजूला सारली. मूळ रजिस्टर कुणी पाहिलं, मुख्याध्यापकांचा जबाब घेतला का, याचा आदेशात पत्ता नाही. मग कुलदैवत, लग्नातले विधी आणि बोलीवर पाच प्रश्न विचारून 'जमातीशी आप्तभाव सिद्ध होत नाही' असा शेरा मारला. दोन पिढ्या तालुक्याच्या गावात राहिलेल्या घरातली मुलगी डोंगरातल्या बोलीची उत्तरं कुठून देणार? ठाकूर जमातीच्याच प्रकरणात 24 मार्च 2023 ला सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं आहे की ही अॅफिनिटी टेस्ट, म्हणजे आप्तभावाची चाचणी, अंतिम कसोटी नाही.

पत्राच्या शेवटच्या ओळीत तुम्ही सहज लिहिलंय की सख्ख्या चुलतभावाला 2012 मध्ये वैधता मिळाली आहे, पण बांधाच्या भांडणामुळे त्याचा कागद तुम्ही समितीला दिलाच नाही. ताई, हा कागद पहिल्या दिवशी द्यायचा होता! त्याच 2023 च्या निकालाप्रमाणे, वडिलांकडच्या रक्ताच्या नातेवाइकाला समितीच्या दक्षता पथकाच्या (दाव्याची प्रत्यक्ष चौकशी करणाऱ्या पथकाच्या) चौकशीनंतर वैधता मिळाली असेल आणि नातं सिद्ध होत असेल, तर समितीने तुम्हालाही ती द्यायला हवी. अपवाद फसवणुकीचा किंवा चौकशीविना दिलेल्या वैधतेचा.

इथे एक धोका आहे. समितीला प्रतिज्ञापत्रावर दिलेली वंशावळ काढून पाहा. रागाच्या भरात त्यात काकांची शाखाच गाळली असेल, तर आज अचानक निघालेला चुलतभाऊ संशयास्पद दिसेल. तसं असेल तर चूक प्रतिज्ञापत्रावर कबूल करा आणि भावाने दिलेली वंशावळ सोबत जोडा. त्यासाठी काकांच्या घरी तुम्हालाच जावं लागेल.

हा कागद समितीपुढे नव्हता, त्यामुळे खंडपीठ प्रकरण बहुधा फेरविचारासाठी समितीकडे पाठवेल. मुदत घालून मागा, नाहीतर फाइल तिथे वर्षानुवर्षं पडून राहते, आणि तुमच्याकडे तेवढा वेळ नाही. निवृत्तीला पाच वर्षं उरली आहेत.

निवृत्तिवेतनाबद्दल आज काही सांगत नाही, ते वैधतेच्या निकालावर अवलंबून आहे. 21 डिसेंबर 2019 च्या शासन निर्णयातली अधिसंख्य पदं, म्हणजे दावा अवैध ठरलेल्यांना सामावून घेण्यासाठीची जादा पदं, तुमच्या खासगी शाळेला लागू होतात, असं गृहीत धरू नका. फौजदारी कारवाईची भीती मात्र बाजूला ठेवा. खरा दावा पुराव्याअभावी फेटाळला जाणं वेगळं आणि जाणूनबुजून खोटा दाखला मिळवणं वेगळं, आणि तुमच्या कागदांत खोटेपणा दिसत नाही. समितीच्या आदेशाची प्रमाणित प्रत आणि दक्षता पथकाचा अहवाल याच आठवड्यात मागवा.