केंटा कोबाशी यांना महान का म्हणतात, निकाल तर आधीच ठरलेले असतात ना?

आपण एका दमात तीन गोष्टी विचारल्या आहेत: केंटा कोबाशी यांना निवृत्त होऊन दहा वर्षांहून अधिक काळ लोटला तरी जपानी व्यावसायिक कुस्तीचे चाहते त्यांचे नाव इतक्या आदराने का घेतात, त्यांच्या लढती पाहायला कोठून सुरुवात करावी, आणि निकाल आधीच ठरलेले असताना अशा कारकिर्दीला महान म्हणणे हास्यास्पद नाही का. पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे आपल्याला कोणीही देईल. तिसरा प्रश्न मात्र आमच्या घरात प्रत्येक लग्नकार्यात, प्रत्येक दिवाळीला पानावर वाढला जातो, आणि तो वाढणारी व्यक्ती माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान असल्यामुळे मला तोंडावर उत्तर देता येत नाही. ते येथे देतो.

निकाल ठरलेले असतात, हे खरे आहे. मग ज्या माणसाला पुढे मोठे करायचे आहे, त्याच्यासाठी काय ठरवले गेले ते पाहा. क्योतो प्रांतातील फुकुचियामा येथे १९६७ साली जन्मलेला, शाळेत जुदो आणि रग्बी खेळलेला हा मुलगा क्योसेरा कंपनीतील नोकरी सोडून १९८७ मध्ये मल्ल जायंट बाबा यांच्या ‘ऑल जपान’ या कुस्ती संस्थेत दाखल झाला, तोही पहिला अर्ज नाकारला गेल्यानंतर. फेब्रुवारी १९८८ मध्ये त्याची पहिली लढत झाली आणि तो हरला. त्यानंतर तो हरतच राहिला. सलग ६३ एकेरी लढती हरल्यानंतर १९८९ मध्ये त्याला पहिला विजय मिळाला. हे सगळे बाबांनी ठरवलेले होते. पण त्या प्रत्येक रात्री अंग आपटायचे होते ते कोबाशी यांनीच, आणि प्रेक्षकांनी आपल्याला विसरू नये अशा रीतीने हरायचे होते. निकाल कागदावर ठरतो. गुडघ्याची झीज कोणी कागदावर ठरवत नाही.

याच काळात ते बाबांचे सेवक म्हणूनही राबत होते. वस्तादांचे सामान उचलणे, कपडे धुणे, पाठ चोळणे, वस्ताद जेवल्याशिवाय न जेवणे ही तेथील नवशिक्याची रीत होती. आमचे भाऊजी उमेदीच्या वयात कोल्हापूरच्या तालमीत राहिलेले आहेत, त्यांचे दोन्ही कान मोडलेले आहेत आणि वस्तादांसाठी पहाटे बदाम घोटल्याच्या आठवणी ते आजही अभिमानाने सांगतात. कोबाशी यांची ही सेवा त्यांना तत्काळ पटली. पटले नाही ते पुढचे.

नव्वदच्या दशकात मित्सुहारु मिसावा, तोशिआकी कावादा, अकिरा ताउए आणि कोबाशी या चौघांनी ‘ऑल जपान’ अक्षरशः पाठीवर वाहिली. बाबांच्या संस्थेचे त्या काळचे एक वैशिष्ट्य आपल्याकडच्या मातीतल्या माणसाला आवडावे असे आहे: महत्त्वाच्या लढतीचा शेवट पंचाचा गोंधळ, बाहेरच्यांची घुसखोरी असल्या पळवाटांनी होत नसे, खांदे टेकवून स्वच्छ निकाल लागत असे, नाहीतर वेळ संपत असे. १९ जानेवारी १९९५ रोजी, कोबेच्या भीषण भूकंपानंतर अवघ्या दोन दिवसांनी, ओसाका येथे कावादा आणि कोबाशी पूर्ण ६० मिनिटे लढले आणि लढत बरोबरीत सुटली. त्याच वर्षी ९ जून रोजी तोक्योच्या बुदोकान या सभागृहात मिसावा–कोबाशी विरुद्ध कावादा–ताउए अशी जोडीची लढत झाली. पाय निकामी झालेले कोबाशी त्या लढतीत खाली पडलेल्या मिसावांच्या अंगावर आडवे पडतात, जेणेकरून मार आपल्याला बसावा. तरीही शेवटी कावादा मिसावांना टेकवतात, आणि तेही कारकिर्दीत प्रथमच. या दोन्ही लढती कोबाशी जिंकलेले नाहीत, तरीही चाहत्यांनी त्यांची नावे सर्वांत आधी घेतली आहेत. ‘ऑल जपान’चे सर्वोच्च विजेतेपद त्यांना मिळाले ते जुलै १९९६ मध्ये, ताउए यांना हरवून, म्हणजे पहिल्या लढतीनंतर आठ वर्षांहून अधिक काळाने.

पुढचा भाग आपल्याला कोठेही वाचायला मिळेल, म्हणून भरभर सांगतो. जानेवारी १९९९ मध्ये बाबा वारले, पुढच्या वर्षी मिसावा बहुतेक सर्व मल्लांना घेऊन बाहेर पडले आणि ऑगस्ट २००० मध्ये ‘नोआ’ ही नवी संस्था उभी राहिली. गुडघ्यांच्या शस्त्रक्रियांमुळे कोबाशी यांचे २००१ हे सारे वर्ष वाया गेले. १ मार्च २००३ रोजी त्यांनी मिसावांकडून ‘नोआ’चा सर्वोच्च किताब घेतला आणि ५ मार्च २००५ पर्यंत, तेरा आव्हाने परतवून, तो सोडला नाही. जपानी वृत्तपत्रे त्यांना त्या काळात निर्विवाद सम्राट म्हणत.

आता मूळ भांडणाकडे येतो. जून २००६ मध्ये कोबाशी यांच्या मूत्रपिंडात कर्करोगाची गाठ सापडली आणि जुलैमध्ये त्यांचे उजवे मूत्रपिंड काढून टाकण्यात आले. ते पुन्हा आखाड्यात उतरले २ डिसेंबर २००७ रोजी, ५४६ दिवसांनी. मी त्या वेळी कंपनीच्या कामानिमित्त कावासाकीला राहत होतो आणि ताई व भाऊजी नेमके त्याच आठवड्यात आमच्याकडे आले होते. ताईला खरेदी करायची होती. भाऊजींना मी बुदोकानला घेऊन गेलो. कुदानशिता स्थानकातून वर येऊन खंदकाच्या कडेने चढण चढताना ते कुरकुरत होते. ही वास्तू १९६४ च्या ऑलिंपिकमधील जुदोसाठी बांधली गेली, असे मी सांगितल्यावर ते थोडे निवळले आणि म्हणाले, “म्हणजे इथे कधीकाळी खरी कुस्तीही झाली आहे म्हणायची.”

लढत जोडीची होती. कोबाशी यांच्या बाजूने योशिहिरो ताकायामा होते, जे स्वतः २००४ साली मेंदूच्या झटक्यातून वाचून परतलेले होते. समोर मिसावा आणि जुन अकियामा. कोबाशी प्रवेशद्वारात उभे राहिले तेव्हा झालेला आवाज कानाने ऐकण्यापेक्षा छातीला जाणवणारा होता, आणि आजूबाजूची बरीच मोठी माणसे उघडपणे रडत होती. भाऊजी हाताची घडी घालून बसले होते. मग कोबाशी यांनी समोरच्याच्या छातीवर तळहाताच्या कडेने पहिला फटका मारला. आम्ही वरच्या मजल्यावर होतो, तरी तो आवाज आमच्यापर्यंत पोहोचला, आणि भाऊजींची घडी सुटली. “हा लागला,” असे ते स्वतःशीच म्हणाले. त्यानंतरची पंधरा-वीस मिनिटे ते खुर्चीच्या कडेवर पुढे सरकून बसलेले होते, हे मी पाहिले आहे, आणि ते आजतागायत नाकारतात.

शेवटी मिसावांनी कोबाशी यांना खांबावरच्या वरच्या दोरावर नेले, तेथून उचलून खाली आदळले आणि टेकवले. मिसावा तेव्हा ‘नोआ’चे अध्यक्ष होते, म्हणजे मालकाने, कर्करोगातून उठलेल्या आपल्या सर्वांत लाडक्या मल्लाला, त्याच्या पुनरागमनाच्या रात्री, सतरा हजारांच्या आसपास माणसांसमोर हरवले. भाऊजी संतापले. परतीच्या गाडीत ते म्हणाले, “सगळे ठरवूनच करायचे होते, तर आजारी माणसाला जिंकवायचे की रे! ही नुरा कुस्ती, आणि नुरासुद्धा धड नाही.”

हेच वाक्य ते गेली कित्येक वर्षे पाहुण्यांसमोर, माझ्याकडे बोट दाखवून म्हणतात. माझे म्हणणे असे आहे की भाऊजींच्या त्या संतापातच आपल्या प्रश्नाचे उत्तर आहे. जत्रेच्या मैदानात दोन मल्ल संगनमताने लढतात तेव्हा इनाम देणाऱ्याची आणि तिकीट काढणाऱ्याची फसवणूक होते, म्हणून ती गोष्ट लाजिरवाणी. बुदोकानमध्ये कोणाचीच फसवणूक झाली नव्हती. निकाल कोणीतरी ठरवलेला आहे हे तेथे बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक होते, आणि तो तसा का ठरवला हे भाऊजी सोडून सर्वांना समजले होते. त्या रात्री कोबाशी यांना विजय दिला असता तर तो औषधांच्या बाटलीसोबत दिलेल्या फुलांच्या गुच्छासारखा झाला असता. मिसावांनी त्यांना वरच्या दोरावरून आदळले, याचा अर्थ त्यांनी त्यांना रुग्ण मानायला नकार दिला. हरण्याची पूर्ण किंमत ज्याच्याकडून मागता येते, तोच पुन्हा कुस्तीगीर झाला. हे शब्दांत सांगावे लागले नाही. एका आदळण्यातून ते सर्वांपर्यंत पोहोचले. भाऊजींनी आयुष्यभर अस्सल कुस्त्या केल्या, त्याबद्दल मला आदरच आहे, परंतु दुसऱ्या माणसाच्या पराभवाने इतके चिडलेले मी त्यांना एरवी कधी पाहिलेले नाही. जे खोटे आहे त्याने माणूस इतका चिडतो कशाला?

त्यामुळे आपल्याला माझा स्पष्ट सल्ला असा आहे की कोबाशी यांचे मोठेपण किताबांच्या दिवसांत मोजू नका. किती दिवस सम्राट होते हा हिशेब संस्थेच्या कचेरीने केलेला आहे. त्यांचे स्वतःचे कर्तृत्व म्हणजे समोरच्याचा मार असा घेणे, की मारणारा मोठा दिसावा आणि उठून उभे राहणे अवघड वाटावे. ही गोष्ट ठरवून दिली तरी सर्वांना येत नाही. घरात आपल्यालाही कोणी “ते नाटक काय पाहतोस” म्हणणारे असेल, तर वाद घालत बसू नका. त्यांना सोबत बसवा आणि त्यांच्या हाताच्या घडीकडे लक्ष ठेवा.

निवृत्तीविषयी थोडे. २००७ नंतरची पाच वर्षे दुखापती आणि शस्त्रक्रिया यांतच अधिक गेली. अखेरची लढत ११ मे २०१३ रोजी, पुन्हा बुदोकानमध्येच झाली. कोबाशी, अकियामा, केईजी मुतो आणि केन्सुके सासाकी एका बाजूला होते. दुसऱ्या बाजूला गो शिओझाकी, केंटा याच नावाने लढणारा त्यांचा शिष्य, तानिगुची आणि योशिनोबु कानेमारु. समोरचे चौघेही एकेकाळी कोबाशी यांचे सेवक म्हणून राहिलेले होते. जवळजवळ ४० मिनिटांनंतर ४६ वर्षांच्या कोबाशी यांनी वरच्या दोरावरून पाठमोरी कोलांटी घेत कानेमारुंच्या अंगावर उडी टाकली आणि लढत जिंकली. ज्या गुडघ्यांची चाळण झाली होती, त्या गुडघ्यांवर ही उडी. येथे विजय ठरवला गेला, आणि तो योग्यच होता. शेवटच्या दिवशी शिष्यांनी वस्तादांसमोर खांदे टेकवणे भाऊजींनाही मान्य व्हावे.

एक गोष्ट मला आधीच लिहायला हवी होती. या शैलीची किंमत शरीराने मोजली आहे, आणि मी वर जे कौतुकाने लिहिले त्यातला बराच भाग मानेवर, डोक्यावर पडण्याचा आहे. मिसावा १३ जून २००९ रोजी हिरोशिमा येथे, लढत सुरू असताना मागे आदळले गेल्यानंतर वारले. त्यांचेही वय ४६ होते. त्या डिसेंबरच्या रात्री कोबाशी यांच्या बाजूने उभे असलेले ताकायामा २०१७ मधील लढतीत मानेला इजा होऊन खांद्यांखाली लुळे झाले. म्हणून त्या काळच्या लढती पाहताना अंगावर काटा येतो तो केवळ रोमांचाचा नसतो, आणि आजच्या मल्लांनी तसेच लढावे अशी मागणी करणाऱ्या चाहत्यांशी मी सहमत नाही. तसेच, एक मूत्रपिंड गेलेल्या माणसाने काय करावे आणि काय करू नये हे कोबाशी यांच्याकडे पाहून ठरवू नये. ते डॉक्टरांना विचारावे.

राहता राहिली सुरुवात. सासाकी यांच्याशी २००५ साली तोक्यो डोममध्ये झालेल्या लढतीतील, दोघे एकमेकांच्या छातीवर फटक्यांमागून फटके मारत असल्याची चित्रफीत आपल्याला सर्वत्र दिसेल. तिथून सुरुवात करू नका, कारण तेवढाच तुकडा पाहून लोक निष्कर्ष काढतात. ९ जून १९९५ ची जोडीची लढत आधी पाहा, मग १ मार्च २००३ ची मिसावांविरुद्धची, आणि २००७ ची त्यानंतरच, नाहीतर ती निष्कारण साधी वाटेल. जपानी समालोचनाचा अडथळा वाटत असेल तर ऑक्टोबर २००५ मध्ये न्यूयॉर्क येथे सामोआ जो यांच्याशी झालेली लढत बरी पडेल. अर्ध्या तासाहून अधिक वेळ काढणे शक्य नसेल, तर २५ मे १९९२ ची सेंदाई येथील, कोबाशी आणि त्सुयोशी किकुची यांची फर्नास–क्रॉफॅट या परदेशी जोडीविरुद्धची लढत घ्या. किकुची त्याच गावचे असल्याने तेथील प्रेक्षकांचा आवाज ऐकण्यासारखा आहे.