उमेद देणाऱ्या क्रीडा कार्यक्रमांचा निर्माता : असं करिअर असतं का?

खेळांवर मन उभारी घेईल असे कार्यक्रम करणाऱ्या टीव्ही निर्मात्याला आयुष्यभर पुरेल इतकं काम असतं का, असं तुम्ही विचारलंय. असतं. अमेरिकेच्या बड ग्रीनस्पॅन (१९२६–२०१०) यांनी जवळजवळ साठ वर्षं हेच केलं.

ते मूळचे न्यूयॉर्कच्या रेडिओवरचे. १९५२ मध्ये हेलसिंकी ऑलिम्पिकला गेले ते जॉन डेव्हिस या कृष्णवर्णीय वेटलिफ्टरवर छोटी फिल्म करायला. डेव्हिसने सुवर्ण जिंकलं आणि ती फिल्म अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने विकत घेतली. त्याच हेलसिंकीत आपल्या खाशाबा जाधवांनी कुस्तीत कांस्य मिळवलं. गोळेश्वरच्या या पैलवानामागे तेव्हा असा कुणी कॅमेरा घेऊन उभा असता तर, ही चुटपुट मला कायम लागून राहिली आहे.

ग्रीनस्पॅन यांचं वेगळेपण म्हणजे शर्यत संपल्यावरही त्यांची नजर मैदानावरून हलत नसे. १९६८ च्या मेक्सिको मॅरेथॉनमध्ये टांझानियाचा जॉन स्टीफन अख्वारी पडला, गुडघा दुखावला, आणि पायाला पट्टी बांधून विजेत्यानंतर तासाभराहून अधिक उशिरा स्टेडियममध्ये आला. जगाला तो आठवतो यात ग्रीनस्पॅन यांचा मोठा वाटा आहे. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकवरच्या त्यांच्या फिल्ममध्ये ५००० मीटरची अंतिम शर्यत आहे. ती जिंकली मोरोक्कोच्या सईद औइताने, पण फिल्ममध्ये गोष्ट आहे डेव्ह मूरक्रॉफ्टची. तेव्हाचा विश्वविक्रमवीर, दुखापतीमुळे सगळ्यांच्या मागे राहिलेला, आणि औइताने आपल्याला एक पूर्ण फेरी मागे टाकू नये एवढ्यासाठी जिवाच्या आकांताने धावणारा. मी ती शर्यत पुन्हा पुन्हा पाहतो.

हे नशिबावर होत नाही. कोण जिंकेल आणि कुणाचं काय होईल हे आधी कळत नाही, म्हणून अनेक खेळाडूंची घरची, सरावाची माहिती आधीच गोळा करावी लागते. त्यांतल्या बहुतेकांच्या गोष्टी शेवटी एडिटमध्ये कापल्या जातात. सोबत भरवशाची माणसं लागतात. ग्रीनस्पॅन यांची पत्नी कॅपी त्यांची निर्मितीतली जोडीदार होती, कंपनीला नावही तिचंच. आणि बराच काळ निवेदनाचा आवाज त्यांच्या भावाचा होता.

तुम्ही सुरुवात जिल्हा पातळीवरच्या कबड्डी, खो-खो किंवा कुस्तीच्या स्पर्धांपासून करा. ऑलिम्पिकच्या चित्रणाचे हक्क आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीकडे असतात, ते नवख्याला परवडत नाहीत. इथे आयोजकांशी बोलता येतं. परवानगी मात्र लेखी घ्या, आणि खेळाडू अल्पवयीन असेल तर पालकांचीही.